रविवार, रात्री अकरा एकोणसाठ

ऑगस्टचा दुसरा आठवडा.
मागच्या वर्षीचं नियमपत्रक उघडून
स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसले आहे:
समाजशास्त्राची तोंडओळख, तुकडी तीन, पूर्णपणे ऑनलाइन.
तारखा बदला, बाकी असू दे तसंच,
असं विभागप्रमुख म्हणतात.

तारखा बदलते.
चौथ्या पानावर हात थांबतो.

"उशिरा आलेल्या कामाचे दिवसाला दहा टक्के कापले जातील.
अपवाद, अडचणीचा लेखी पुरावा असल्यासच."
वाक्य माझंच, अकरा वर्षांपूर्वीचं.
तेव्हा नोकरी नवी होती
आणि कुणी मला बनवू नये, एवढीच काळजी होती.

होदान वरसामे मांसाच्या कारखान्यात दुसऱ्या पाळीला.
'सामाजिक नियम म्हणजे काय, स्वतःच्या आयुष्यातलं उदाहरण द्या.'
तिनं सुट्टीच्या वीस मिनिटांत फोनवर, अंगठ्यानं लिहिलं:
पट्टा चालू असताना सुरी खाली ठेवायची नाही.
बाथरूमला जायचं तर हात वर करायचा.
कुणी किती वेळा हात वर केला
ते एक माणूस वहीत लिहितो.
त्या माणसाचं नाव आम्हाला माहीत नाही.

हवे होते अडीचशे शब्द. तिचे भरले नव्वद.
मी पाच गुण कापले.
शेऱ्यात लिहिलं, 'चांगलं निरीक्षण, अजून विस्तार हवा.'

नेब्रास्काच्या मधून वेळेची एक रेघ जाते,
कुरणातून, कुंपणाच्या तारांतून, कुणाला दिसत नाही.
ट्रेंट ओस्टरगार्ड त्या रेघेच्या पलीकडे राहतो.
गाई आवरून, गावच्या बंद वाचनालयाबाहेर
ट्रकमध्ये बसून तिथलं वायफाय पकडतो,
कारण घरी सिग्नल टेकडीपाशीच संपतो.
सहा आठवडे त्याचं काम 'उशिरा' म्हणून नोंदलं गेलं.
सातव्या आठवड्यात त्यानं कळवलं, तेही माफी मागून:
तुमच्याकडे बारा वाजतात
तेव्हा आमच्याकडे अकराच वाजलेले असतात.

मी उंटावरून शेळ्या हाकत होते,
आणि उंटावरच घड्याळ होतं.

व्हरलीन पोस्पिशिल, वय एकसष्ट.
ऑक्टोबरात दोन ओळींची मेल:
नवरा मंगळवारी गेला. पुरावा म्हणून काय चालेल?
सोबत अंत्यविधीवाल्यांची पावती जोडलेली,
पेटीची किंमत, आणि खाली बारा हप्ते.
मी उत्तर दिलं, 'मिळाली, धन्यवाद.'
तेव्हा आमचं प्रकरण चालू होतं सामाजिक वर्ग.
वीस स्लाइड, दोन आलेख.
पावती मी एका फोल्डरमध्ये टाकली.
फोल्डरचं नाव होतं 'सबबी'.

नवव्या आठवड्यात मी शिकवते
की सगळ्यांना सारखा नियम म्हणजे सगळ्यांना सारखा भार नव्हे.
हे प्रश्नपत्रिकेत येतं, चार गुणांना.
बहुतेकांचं बरोबर येतं.

दहा टक्के ठेवते. ठेवावेच लागतील,
पाच तुकड्या, दीडशे माणसं, आणि माझा करारही
दर मे महिन्यात नव्यानं सही होतो.
'लेखी पुरावा' खोडते.
तिथे काय लिहावं, बराच वेळ सुचत नाही.
'विश्वास' लिहिते. भाषण वाटतं, खोडते.
शेवटी लिहिते, 'कळवा.'
आणि वेळेसमोर: 'तुमच्या घड्याळात.'

ड्रायर वाजतो. टॉवेल काढून येते तोवर
एका नव्या नावाची मेल येऊन पडलेली,
वर्ग सुरू व्हायला अजून बारा दिवस आहेत.
पुस्तक घ्यावंच लागतं का?
जुनी आवृत्ती चालेल का?

दुसऱ्या पानावर परत जाते.
'पाठ्यपुस्तक अनिवार्य.'
हेही माझंच वाक्य.